कारखान्याचं छप्पर श्वास घेतं, मग घराचं का नाही? भिलाईच्या पत्र्याची गोष्ट

आज एका अगदी साध्या वस्तूचा इतिहास सांगणार आहे. पुण्या-मुंबईकडे तिला पत्रा म्हणतात, नागपूर-भंडाऱ्याकडे टीन म्हणतात. मी हे बोलतोय भिलाईहून. मे महिन्याचा शेवट आहे, नवतपा सुरू आहे. सूर्य रोहिणी नक्षत्रात शिरला की हे नऊ दिवस तापतात, असं विदर्भात आणि छत्तीसगडात दोन्हीकडे मानतात. दुपारी रस्त्यावर कुत्रंही दिसत नाही.

विषय सुचला तो माझ्याच फजितीतून. काही वर्षांपूर्वी मी घराच्या गच्चीवर एक खोली काढली. विटांच्या भिंती, वर लोखंडी कैच्या आणि त्यावर पन्हळी पत्रा. पुस्तकं ठेवायची, तिथेच बसून लिहायचं, असा बेत होता. एप्रिल लागला आणि खोलीत दहा मिनिटं बसणंही कठीण झालं. मग कोणीतरी सांगितलं म्हणून आढ्याजवळ वाऱ्यावर फिरणारा तो चकचकीत गोल घुमट बसवून घेतला, ज्याला बाजारात टर्बो व्हेंटिलेटर म्हणतात. तो दिमाखात फिरायचा. खोली होती तशीच तापायची.

शेजारी एक निवृत्त गृहस्थ राहतात. त्यांची सारी नोकरी कारखान्यातल्या रोलिंग मिलमध्ये गेली. ते वर आले, घुमटाकडे पाहिलं, मग बंद खिडक्यांकडे आणि दाराच्या उंबऱ्याकडे पाहिलं, आणि म्हणाले, "ऊपर से निकालोगे, पर आएगी कहाँ से?" वरून हवा काढाल हो, पण आत येणार कुठून?

त्या एका प्रश्नाने मला कामाला लावलं. या माणसाला हे माहीत होतं, कारण तो चाळीस वर्षं अशा छपराखाली उभा होता ज्याला हे माहीत होतं. आणि त्याच छपरापासून दोन-चार किलोमीटरवर हजारो घरं अशी आहेत, ज्यांना ते कधी कोणी सांगितलंच नाही. आजची गोष्ट या दोन-चार किलोमीटरांची आहे.

राजधानी नागपूर होती तेव्हा

आधी थोडी ओळख. भारत आणि सोव्हिएत संघ यांच्यात भिलाईच्या पोलाद कारखान्याचा करार झाला तो फेब्रुवारी १९५५ मध्ये. तेव्हा भिलाई हे दुर्ग जिल्ह्यातलं एक खेडं होतं आणि दुर्ग जिल्हा होता जुन्या मध्य प्रदेशात, ज्याची राजधानी होती नागपूर. म्हणजे भिलाईचा कारखाना ठरला तेव्हा भिलाई आणि आपलं विदर्भ एकाच राज्यात होते. १ नोव्हेंबर १९५६ ला राज्यपुनर्रचना झाली, विदर्भ मुंबई राज्यात गेला, छत्तीसगड भोपाळच्या मध्य प्रदेशात राहिलं. त्याच तारखेला, पण २००० साली, छत्तीसगड वेगळं राज्य झालं. मराठीशी इथलं नातं त्याहून जुनं आहे. अठराव्या शतकात नागपूरकर भोसल्यांनी रतनपूरचं राज्य घेतलं आणि बिंबाजी भोसले इथे राहून कारभार पाहू लागले. पुढे रेल्वे आली आणि नागपूरहून दुर्ग-रायपूरची वाट सोपी झाली. आज नागपूर ते दुर्ग हे अंतर रेल्वेने सुमारे २६५ किलोमीटर आहे. कारखान्यात नोकरी लागली म्हणून विदर्भातून कितीतरी कुटुंबं इथे आली आणि इथलीच झाली.

४ फेब्रुवारी १९५९ ला राष्ट्रपती डॉ. राजेंद्र प्रसाद यांच्या हस्ते पहिल्या झोतभट्टीचं उद्घाटन झालं. तेव्हा कारखान्याची क्षमता ठरली होती वर्षाला दहा लाख टन. भारतीय रेल्वेच्या रुळांमुळे भिलाईचं नाव देशभर झालं.

आता एक गंमत ऐका. भिलाईत रूळ होतात, जाड प्लेटा होतात, तारेचे गज होतात, इमारतीचं जाड पोलाद होतं. पण घरावर घालायचा पातळ जस्ती पत्रा भिलाईत होत नाही. तो इतर कारखान्यांतून येतो. म्हणजे पोलादाच्या गावातला माणूस आपल्या डोक्यावरचं पोलाद बाहेरगावाहून विकत आणतो.

छपरावरचा कंदील

कारखान्याच्या मोठ्या शेडकडे लांबून पाहिलंत तर एक गोष्ट दिसेल. छपराच्या दोन पाखा जिथे मिळतात तिथे नुसतं आढं नसतं. आढ्यावर आणखी एक लहान छप्पर उचलून धरलेलं असतं, शेडच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत. मोठ्या घराच्या डोक्यावर जणू एक लांबोडकं घर बसवलंय. त्याच्या दोन्ही बाजू उघड्या किंवा झडपांच्या असतात. इंग्रजीत त्याला मॉनिटर म्हणतात. रशियन अभियंते त्याला फनार म्हणतात, म्हणजे कंदील. आपल्या जुन्या वाड्यांत दिव्यावर फाणस असायचा ना, तो फाणस आणि हा फनार हे एकाच ग्रीक घराण्यातले लांबचे नातेवाईक आहेत.

हा कंदील शोभेसाठी नाही. रोलिंग मिलमध्ये बाराशे अंशांच्या आसपास तापलेले पोलादाचे ठोकळे रुळांवरून धावत असतात. पोलाद वितळवण्याच्या विभागात रस सोळाशे अंशांचा असतो. तिथली हवा पंख्याने बाहेर काढायची म्हटलं तर एक वीजकेंद्र त्यासाठीच लागेल. पण तापलेली हवा हलकी असते, ती आपण होऊन वर चढते. वर कंदिलातून तिला वाट दिली आणि खाली भिंतीत गार हवेला आत यायला वाट दिली, की भट्टी स्वतःच आपली हवा खेचते. चुलीच्या धुरांड्याचंच तत्त्व, फक्त अख्ख्या इमारतीला लावलेलं.

सोव्हिएत अभियंत्यांनी यावर बारकाईने काम केलं होतं. खालची तोंडं किती, वरची किती, कंदिलाला वाऱ्याचा आडोसा कसा द्यायचा, उन्हाळ्यात कोणती झडप उघडायची आणि थंडीत कोणती, याचं गणित त्यांनी मांडलं. व्ही. व्ही. बातुरिन यांचा औद्योगिक वायुवीजनावरचा ग्रंथ या विषयातला मोठा मानला जातो, त्याचा इंग्रजी अनुवादही निघाला. भिलाईचा आराखडा ज्या मॉस्कोच्या गिप्रोमेझ संस्थेने केला, तिच्या अभियंत्यांसाठी हे रोजचं ज्ञान होतं.

तेव्हा हे लक्षात ठेवा. १९५९ साली, या गावात, धातूच्या छपराखाली हवा कशी खेळवायची हे माहीत होतं. कागदावर होतं आणि छपरावरही होतं.

कवेलूचं घर गळायचं, म्हणून जगायचं

आता गावातल्या घराकडे या. पत्रा येण्याआधी इथे काय होतं? मातीच्या जाड भिंती आणि वर गावच्या कुंभाराने केलेलं अर्धगोल कवेलू. छत्तीसगडात त्याला खपरा म्हणतात. भंडारा-गोंदियापासून दुर्ग-रायपूरपर्यंत हेच छप्पर होतं.

या छपराला कोणी वायुवीजन शिकवलं नव्हतं. पण एक कवेलू दुसऱ्यावर नुसतं टेकलेलं असतं, मधे हजारो फटी राहतात. चुलीचा धूर छपराभर पसरून बाहेर पडताना तुम्ही पाहिला असेल, घरच पेटल्यासारखं दिसतं. ज्या फटींतून धूर जातो त्यांतूनच तापलेली हवा जाते. शिवाय अनेक घरांत छपराखाली लाकूड-मातीचा माळा असायचा. वर कवेलू तापलं तरी खाली बसलेल्या माणसाच्या आणि कवेलूच्या मधे माळा आणि माळ्यावरची खेळती हवा असायची. मराठवाड्या-खानदेशातल्या धाब्याच्या घरांनाही छताला एक भोक असायचं, सवणं किंवा साणं. त्यातून उजेड यायचा, धूर जायचा, पाऊस आला की त्यावर काहीतरी झाकायचं. आपल्या बोलीत छपरातल्या भोकासाठी स्वतंत्र शब्द आहे, यावरून कळतं की ते भोक ही घराची चूक नव्हती, घराचा अवयव होता.

सरकारी इमारतींतही हे होतं. १८५७ नंतर हिंदुस्थानातले गोरे शिपाई लढाईपेक्षा रोगानेच जास्त मरतात हे दिसलं तेव्हा रॉयल कमिशन नेमलं गेलं. त्याचा अहवाल १८६३ मध्ये आला आणि फ्लॉरेन्स नाइटिंगेल यांनी त्यात मोठा वाटा उचलला. बराकींत हवा कशी खेळेल हा त्यातला एक मुख्य मुद्दा होता. जुन्या रेल्वे बंगल्यांत किंवा कचेऱ्यांत छताजवळ जी दोरीने उघडायची लहान खिडकी दिसते, ज्याला आपण रोशनदान म्हणतो, ती याच विचारातली.

मग कवेलू गेलं का? त्याची कारणं खरी आहेत, ती मान्य केली पाहिजेत. दर वर्षी पावसाआधी शाकारणी करावी लागायची. वासे, कामट्या बदलायच्या, फुटलेली कवेलू काढून नवी घालायची. लाकूड महाग झालं, शाकारणी करणारे हात शहरात गेले, कुंभारांनी कवेलू पाडणं सोडलं. आणि माकडं! ज्यांच्या कवेलूंवरून वानरांची टोळी एकदा धावून गेली आहे, त्यांना पत्रा का घातला हे विचारू नका. कवेलूचं घर वर्षातून एकदा माणसाचे आठ दिवस मागायचं. पत्रा वीस वर्षं काही मागत नाही.

लंडनच्या गोदीतून आलेलं छप्पर

पत्र्याची जन्मकथा थोडक्यात सांगतो. १८२९ मध्ये लंडनच्या गोदीचे अभियंते हेन्री रॉबिन्सन पामर यांनी लोखंडी पत्र्याला पन्हळी पाडण्याचं पेटंट घेतलं. सपाट पातळ पत्रा वाकतो, पण त्यालाच लाटा दिल्या की तो ताठ उभा राहतो. त्याचा पहिला उपयोग झाला गोदीतल्या शेडवर. १८३७ मध्ये फ्रान्समध्ये स्तानिस्लास सोरेल यांनी लोखंडावर जस्ताचा मुलामा देण्याचं पेटंट घेतलं आणि पत्र्याला गंजापासून संरक्षण मिळालं. हलका, मजबूत, एकावर एक रचून जहाजात भरता येणारा. साम्राज्याला अगदी हवा तसा. सोन्याच्या शोधात ऑस्ट्रेलियाला गेलेल्या लोकांनी १८५० च्या दशकात लोखंडी घरं जहाजातून नेऊन उभी केली, आणि उन्हाळ्यात ती भट्टीसारखी तापतात हेही तेव्हाच अनुभवलं.

म्हणजे पाहा, पत्रा जन्मला तो मालासाठी. गोदामासाठी, इंजिनाच्या शेडसाठी. तिथे रात्री कोणी झोपत नाही. आपल्याकडेही तो असाच आला, आणि मग हळूहळू गोदामावरून उतरून माणसाच्या घरावर चढला. चढताना गोदामाचा आकार सोबत घेऊन आला. वर घट्ट, बाजूंनी घट्ट, पाणी आत येऊ नये एवढीच अट.

आणि तो किती वेगाने चढला! जनगणनेचे आकडे सांगतात की २००१ मध्ये देशातल्या सुमारे १२ टक्के घरांवर पत्रा किंवा सिमेंटचा पत्रा होता, २०११ मध्ये तो सुमारे १६ टक्के घरांवर पोचला. त्याच दहा वर्षांत कवेलूची घरं सुमारे ३३ टक्क्यांवरून २४ टक्क्यांवर आली. एका पिढीत कोट्यवधी माणसांनी आपलं छप्पर बदललं, आणि बदलताना कवेलूबरोबर काय काय जातंय याचा हिशेब कोणी केला नाही. फटी गेल्या, माळा गेला, सवणं गेलं.

दोन छपरं, दोन भिलाया

भिलाईच्या कारखान्याबरोबर टाउनशिप उभी राहिली. सेक्टर एक, सेक्टर दोन असे आखलेले भाग, रुंद रस्ते, झाडं, विटांची क्वार्टरं आणि वर सिमेंटचा स्लॅब. स्लॅबही तापतो, पण सावकाश. दिवसभर ऊन पितो आणि रात्री ओकतो, म्हणून जुन्या भिलाईत उन्हाळ्याच्या रात्री अंगणात खाटा पडायच्या. तरी दुपारी तो माणसाला पत्र्यासारखा भाजत नाही.

पण कारखाना बांधणारे सगळेच टाउनशिपमध्ये राहिले नाहीत. कॅम्प एक, कॅम्प दोन ही नावं आजही आहेत. नावातच कळतं, बांधकामाच्या काळातल्या तात्पुरत्या वस्त्या. बायाही होत्या, डोक्यावर घमेलं वाहणाऱ्या मजूर बाईला इथे रेजा म्हणतात. तात्पुरत्या वस्त्या कायमच्या झाल्या, पुढे खुर्सीपार, जामुलकडे आणखी पसरल्या.

जोनाथन पॅरी या मानववंशशास्त्रज्ञाने भिलाईच्या कामगारांचा अनेक वर्षं अभ्यास केला. २०२० मध्ये आलेल्या आपल्या ग्रंथात तो सांगतो की इथली माणसं दोन शब्द काटेकोरपणे वेगळे वापरतात, नौकरी आणि काम. नौकरी म्हणजे कारखान्यातली कायम नोकरी. काम म्हणजे ठेकेदाराकडची रोजंदारी. १९८० च्या दशकात कारखान्यात साठ हजारांहून जास्त कायम कामगार होते. नंतर ती संख्या घटत गेली आणि ठेकेदारी वाढली. मी त्यात माझ्यापुरती एक भर घालतो. नौकरीच्या डोक्यावर स्लॅब असतो आणि कामाच्या डोक्यावर टीन.

या ठेकेदारी मजुरांना संघटित करायला शंकर गुहा नियोगी दल्ली-राजहराच्या खाणींतून भिलाईत आले. २८ सप्टेंबर १९९१ च्या पहाटे, ते आपल्या घरात झोपले असताना, खिडकीतून गोळ्या झाडून त्यांची हत्या झाली. पुढच्या वर्षी १ जुलैला इथल्या पॉवर हाउस स्टेशनाजवळ रेल्वे अडवून बसलेल्या कामगारांवर पोलिसांचा गोळीबार झाला आणि अनेक जण मेले.

हे मी इथे का सांगतोय? नियोगींच्या लढ्याची गोष्ट मोठी आहे, ती दोन वाक्यांत संपवायची नाही. पण घर, रात्र आणि खिडकी यांचा विचार करताना मला ती खिडकी आठवतेच. आपण तज्ज्ञ मंडळी सहज म्हणतो, "खिडक्या उघड्या ठेवा, हवा येईल." ज्याचं घर रस्त्याला लागून आहे, ज्याच्या घरात तरुण मुलगी आहे, ज्याचं मोबाइल-सायकल हेच धन आहे, त्याला रात्री खिडकी उघडी ठेवणं म्हणजे काय हे आधी विचारा. चोर आहे, डास आहेत, शेजाऱ्याची नजर आहे, कारखान्याकडून येणारी धूळ आहे. म्हणून माणूस खिडकी लावतो. पत्रा आणि भिंत यांच्यामधली वळचणीची फट राहिलेली असते, तीही चिंध्या आणि प्लास्टिक कोंबून बुजवतो, कारण तिथून उंदीर येतो आणि पावसाची झड येते. तो अडाणी नाही. त्याची प्रत्येक कृती शहाणपणाची आहे. सगळ्या शहाणपणांची बेरीज मात्र भट्टी होते.

गणित अवघड नाही

आता माझ्या शेजाऱ्यांच्या प्रश्नाकडे येतो. वरून काढाल, पण आत येणार कुठून?

दहा बाय बाराची खोली घ्या, दहा फूट उंच. तिच्यात सुमारे ३४ घनमीटर हवा मावते. आढ्याजवळ एक मीटर लांब, दहा सेंटीमीटर रुंद अशी फट ठेवली. खाली भिंतीत तेवढंच तोंड ठेवलं. दोन्हींत दोन मीटरांचं अंतर आहे आणि आतली हवा बाहेरच्यापेक्षा दहा अंश तापलेली आहे. वारा अजिबात नाही असं धरलं तरी नुसत्या उष्णतेच्या बळावर तासाला सुमारे १७० घनमीटर हवा बदलते. म्हणजे खोलीतली सगळी हवा तासाला पाच वेळा नवी होते. वीज नाही, पंखा नाही.

आता वरची फट तशीच ठेवा आणि खालचं तोंड एक चतुर्थांश करा. तीच हवा एकदम तिसऱ्या हिश्श्यावर येते. खालचं तोंड पूर्ण बंद केलंत तर वरची फट, घुमट, काहीही लावा, जवळजवळ काही होत नाही. माझा चकचकीत घुमट याच कारणाने नुसता फिरत होता. कुलरचीही हीच गोष्ट. बंद खोलीत कुलर लावला की अर्ध्या तासात घाम सुकेनासा होतो, कारण दमट हवेला बाहेर जायला वाट नाही. टिनाच्या घरात कुलर असेल तर आढ्याची फट दुप्पट उपयोगाची.

आणि आढ्याच्या फटीचा सर्वात मोठा गुण गणितातला नाही. तिथे चोराचा हात पोचत नाही. शेजाऱ्याची नजर पोचत नाही. खिडकीला जी भीती चिकटलेली आहे ती आढ्याला नाही. पावसासाठी वर एक रुंद टोपी, दोन्ही पाखांवर हातभर उतरलेली आणि चार बोटं उचललेली. चिमणी आणि उंदरासाठी जाळी. जाळी बारीक असेल तर हवा अडते, म्हणून फट तेवढी मोठी ठेवायची. खाली उघडी खिडकी नको असेल तर भिंतीत चार-सहा जाळीच्या विटा, आतून मच्छरजाळी लावलेल्या. वावटळीत पत्रा उडू नये म्हणून हूक आणि बोल्ट पक्के हवेत, हे सांगायलाच नको.

थंडीतही याचा उपयोग आहे. डिसेंबरच्या रात्री पत्रा आकाशाकडे उष्णता फेकत हवेपेक्षाही गार होतो. घरातल्या माणसांच्या श्वासातली आणि चुलीवरच्या भातातली वाफ त्याला लागून दंव होते आणि पहाटे अंथरुणावर थेंब पडतात. लोक म्हणतात पत्रा गळतोय. पत्रा गळत नसतो, घरातली वाफ अडकलेली असते.

फटीने जे होत नाही ते

पण इथे थांबलो तर मी तुम्हाला अर्धीच गोष्ट सांगितली असं होईल. नवतप्याच्या दुपारी जुना पत्रा साठ-पासष्ट अंशांपर्यंत सहज तापतो. त्याची खालची बाजू तुमच्या डोक्यावर सरळ उष्णता फेकते, चुलीतल्या निखाऱ्यांसमोर बसल्यासारखी. हवा कितीही बदला, ही झळ हवेतून येतच नाही, त्यामुळे हवेबरोबर जातही नाही. तिला आडवं काहीतरी हवं.

कारखान्यात कंदील पुरतो, कारण छप्पर माणसापासून खूप उंच असतं. घरात ते हाताला लागतं. म्हणून घराला दोन गोष्टी लागतात. कंदील कारखान्याकडून घ्यायचा आणि माळा आजीच्या घराकडून. पत्र्याखाली वीतभर अंतर सोडून बांबूच्या तट्ट्याचं, प्लायचं, काहीही छत. आणि मधली ती वीतभर जागा वळचणीकडून आढ्यापर्यंत उघडी, म्हणजे तापलेली हवा तिथेच सरकून वर निघून जाईल. ती जागा दोन्हीकडून बंद केली तर निम्मा फायदा गेला. वरून चुन्याचा पांढरा हात दिला तर ऊन आधीच परतवलं जातं. इथल्या वस्त्यांत लोक टिनावर भाताचा पेंढा पसरतात, कोहळ्याचे वेल चढवतात. छत्तीसगडात कोहळ्याला रखिया म्हणतात, त्याच्या वड्या घालतात. वेलाने सावली मिळते आणि वड्याही होतात. असं ज्ञान कोणी आराखड्यात काढलेलं नसतं, म्हणून आपण त्याला ज्ञान म्हणत नाही.

अहमदाबादने मे २०१० च्या उष्णतेच्या लाटेत माणसं गमावली आणि २०१३ मध्ये उष्णतेपासून बचावाचा आराखडा केला. तेलंगणाने २०२३ मध्ये थंड छपरांचं धोरण आणलं. म्हणजे सरकारांच्या लेखी आता छप्पर हा आरोग्याचा प्रश्न झाला आहे. १८६३ च्या बराकींपासून इथवर यायला दीडशेहून जास्त वर्षं लागली.

मला या सगळ्या इतिहासात एकच गोष्ट टोचते. भिलाईत ज्ञान कमी नव्हतं. ठेकेदारी मजूर दिवसभर कंदिलाच्या छपराखाली काम करायचा. तापलेली हवा वर जाताना तो रोज बघत होता. संध्याकाळी तो घरी येऊन बंद टिनाखाली झोपायचा. पोलाद थंड राहावं म्हणून कोणी छप्पर उचललं नव्हतं. तिथे माणसाने आठ तास उभं राहून उत्पादन करावं म्हणून उचललं होतं. घरातल्या झोपेतून उत्पादन निघत नाही, म्हणून त्या छपराचा आराखडा कोणी काढला नाही. पण रात्री न झोपलेला माणूसच सकाळी पाळीवर जातो.

माझ्या खोलीचं पुढे काय झालं, ते सांगून थांबतो. घुमट काढला नाही. खाली उत्तरेच्या भिंतीत जाळीच्या विटा बसवल्या, पत्र्याखाली तट्ट्याचं छत घेतलं आणि वळचण मोकळी केली. काम करायला जो वेल्डर आला तो खुर्सीपारच्या टिनाच्या घरात राहतो. काम संपल्यावर त्याने शिडीवरूनच हात आत घालून त्या वीतभर जागेतली हवा पाहिली. सरकत होती. मग मला विचारलं, किती विटा लागल्या, आणि जाळी कोणत्या दुकानातून आणली. मी त्याला दुकान सांगितलं. खोली नवतप्याच्या दुपारी आजही गार नसते. पण रात्री नऊनंतर तिथे बसून लिहिता येतं. आजचं हे टिपण तिथेच लिहिलं.

तुमच्याकडे छपराच्या भोकाला, फटीला, माळ्याला काय शब्द आहे, तो घरातल्या म्हाताऱ्या माणसांना आजच विचारून ठेवा. पुढच्या भागात भेटू. नमस्कार.